पन्हाळ्यावरची भेट



पन्हाळ्याला गेलो की मी सज्जा कोठीत थोडा वेळ बसतो. खाली खोल दरी, अंगावर वारा. संभाजीराजे इथं राहत असत, असं गडावरची माणसं सांगतात. 1680 च्या जानेवारीत याच गडावर एक बाप लेकाला भेटायला आला होता.

बाप पन्नाशीला टेकलेला, छत्रपती शिवाजी महाराज. लेक बावीस वर्षांचा. वर्षभरापूर्वी, डिसेंबर 1678 मध्ये, तो मोगल सरदार दिलेरखानाला जाऊन मिळाला होता. का, यावर इतिहासकारांत आजही वाद आहेत. मला मात्र त्याच्या आधीची वर्षं आठवतात. आई गेली तेव्हा तो दोन वर्षांचा. आग्र्याहून सुटताना नऊ वर्षांच्या या पोराला मथुरेत मागं ठेवावं लागलं. महाराज दक्षिणेच्या मोहिमेवर निघाले तेव्हा तो शृंगारपुरात. बापलेकांना एकमेकांजवळ बसायला मिळालं तरी किती?

तो दिलेरखानाकडे असतानाच मोगलांनी भूपाळगड घेतला, गडावरच्या मराठ्यांचे हात तोडले, पुढं अथणीची रयत लुटली. 1679 सरता सरता संभाजीराजे पत्नी येसूबाईंसह तिथून निसटले आणि पन्हाळ्यावर आले.

महाराजांनी त्यांना रायगडावर बोलावून घेतलं नाही. स्वतःच पन्हाळ्याला आले. मला यातच सगळं दिसतं.

त्या भेटीचं वर्णन सभासदानं बखरीत लिहून ठेवलंय. ते पुढं सतराएक वर्षांनी, जिंजीला, संभाजीराजांच्या धाकट्या भावासाठी, राजारामांसाठी लिहिलेलं. तेव्हा शब्द न् शब्द धरून चालू नये. तरीही त्यातली एक गोष्ट माझ्या मनातून जात नाही. महाराज राज्याच्या वाटणीचं बोलतात. लेक म्हणतो, मला वाटणी नको; दूधभात खाऊन तुमच्या पायांशी राहीन. मुलूख पुढ्यात असताना या पोराला घरचा दूधभात आठवावा!

महाराजांनी लेकाला पन्हाळ्यावरच ठेवलं. धाकट्याची मुंज आणि लग्न उरकायचं होतं. वाटणीचं पुढं बोलू, असं ठरलं. ते रायगडाकडे निघाले. मार्चमध्ये दोन्ही कार्यं झाली. थोरला भाऊ पन्हाळ्यावरच होता.

3 एप्रिलला, हनुमान जयंतीच्या दिवशी, महाराज गेले. ती बातमी पन्हाळ्यापर्यंत पोचू नये, अशी खटपट रायगडावर चालली होती.