शर्तीची जमीन आणि काळाचा न्याय

(कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गातील व्याख्यानाचा मजकूर)



सरकारने भूमिहीनाला दिलेली जमीन दोन पिढ्यांनंतर त्याच्या घरात का उरत नाही, हा आजचा विषय आहे. सुरुवात शेजारच्या कर्नाटकापासून करू. तेथे या प्रश्नावर कायदा झाला, तो सर्वोच्च न्यायालयात टिकला आणि तरीही प्रश्न सुटलेला नाही.

अनुसूचित जाती-जमातींच्या कुटुंबांना जमिनी देताना त्या विकू नयेत अशी शर्त घातली जाई. तरी त्या विकल्या गेल्या. म्हणून १९७८ च्या कायद्याने शर्तभंग करून झालेली हस्तांतरणे, मग ती कायद्यापूर्वीची का असेनात, रद्दबातल ठरवली आणि जमीन मूळ धारकाला वा त्याच्या वारसांना परत देण्याची तरतूद केली. जमिनी घेणारे न्यायालयात गेले. १९८४ साली सर्वोच्च न्यायालयाने कायदा वैध ठरवला. शर्त मोडून मिळवलेला हक्क मुळातच सदोष असतो, असा त्या निर्णयाचा आशय होता. आदिवासींच्या जमिनी परत देणारा महाराष्ट्राचा १९७४ चा कायदाही त्याच वर्षी मान्य झाला.

पुढे वारे फिरले. कर्नाटकाच्या कायद्यात अर्जाला मुदत नव्हती. मुदत नसली तरी अर्ज वाजवी काळात आला पाहिजे, असे २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटले आणि दोन दशकांहून अधिक विलंबाने आलेला दावा नाकारला. २०२३ मध्ये विधिमंडळाने मुदतीचे बंधन नाही अशी दुरुस्ती केली. त्यानंतरही विलंब विचारात घेता येतो, असा निर्वाळा २०२४ मध्ये उच्च न्यायालयाने दिला.

यात न्यायालयांची अडचण खोटी नाही. घेणाऱ्यांतही लहान शेतकरी असतात. त्यांनी विहिरी खणलेल्या असतात, बांध घातलेले असतात. पण या व्यवहाराचे अर्थशास्त्र पाहा. विकणारा आजारपणाने किंवा दुष्काळाने अडलेला असतो. व्यवहार बेकायदा आहे, म्हणून घेणारा भाव पाडतो. जोखमीची किंमत अशा रीतीने गरीबच मोजतो. वीस-पंचवीस वर्षे लोटली की जोखीम सरते आणि पूर्ण मोलाची जमीन घेणाऱ्याकडे राहते. बेकायदेपणाची सूटही त्यालाच आणि काळाचा लाभही त्यालाच! ज्या शर्तीची अंमलबजावणी होत नाही, ती गरिबाचे रक्षण करीत नाही. त्याच्या जमिनीचा भाव तेवढा उतरवते.

हे आपल्याकडेही घडते. सातबाऱ्यावर ‘भोगवटादार वर्ग-२’ असे लिहिलेल्या जमिनी जिल्हाधिकाऱ्यांच्या परवानगीशिवाय विकता येत नाहीत. १९५८ च्या कायद्याने महार वतने नाहीशी झाली आणि तीच जमीन वतनदारांना शर्तीवर पुन्हा देण्यात आली. २०१९ च्या नियमांनी अशा अनेक सरकारी जमिनी अधिमूल्य भरून वर्ग-१ करण्याची वाट खुली केली. धारक खऱ्या अर्थाने मालक झाला, तर त्याला कोण विरोध करील? पण अधिमूल्य भरण्याची ऐपत कोणाची असते? शहरालगतच्या जमिनीत ती रक्कम बहुधा दुसऱ्याच्याच खिशातून येते आणि येताना करारही घेऊन येते.

म्हणून आपली मागणी नेमकी हवी. शर्तभंग शोधण्याचे ओझे निरक्षर वारसावर न टाकता महसूल खात्याने ते स्वतः उचलावे. कर्नाटकाच्या कायद्यात अधिकाऱ्याला आपणहून चौकशी करता येते, तसेच कोणाही व्यक्तीच्या लेखी माहितीवरूनही ती सुरू होऊ शकते. ‘कोणाही व्यक्ती’त कार्यकर्ता येतो, हे ध्यानात ठेवा. दुसरे, अडलेल्या धारकाला वेळेवर कर्ज मिळाले पाहिजे. नाहीतर कोणतीही शर्त त्याला सावकाराच्या दारातून परत आणू शकणार नाही. तिसरे काम आपले स्वतःचे आहे. आपापल्या गावातील वर्ग-२ च्या जमिनींची यादी करा, आज ती कोण कसतो ते लिहा आणि तलाठी व तहसीलदारांकडे लेखी द्या. न्यायालयात काळ मोजला जातो. आपण तो फुकट घालवू नये.