धवलारणीचा गळा आणि क्यूबाच्या गाणाऱ्या बाया

गटातल्या सगळ्या ताया, मावश्या, काकू, आज जरा लांबचा प्रवास करू या. पण घरी परत यायचंच आहे, काळजी नको.

ठाण्याला किंवा डोंबिवलीला बाजाराला गेलात की इमारतींवर डान्स क्लासच्या पाट्या दिसतात. भरतनाट्यम, बॉलिवूड, आणि कुठेतरी त्यात लिहिलेलं असतं 'साल्सा'. एका बैठकीत एक मावशी म्हणाल्या, "हे साल्सा म्हणजे काय, खायचं असतं का?" सगळ्या हसल्या. पण मावशींचा नेम बरोबर लागला होता. स्पॅनिश भाषेत साल्सा म्हणजे खरंच कालवणाचा रस, चटणी. अमेरिकेतल्या न्यूयॉर्क शहरात क्यूबा आणि पोर्तो रिको या बेटांवरून आलेली माणसं राहत. त्यांच्या गाण्याबजावण्याला साठ-सत्तरच्या दशकात हे नाव चिकटलं. त्या कालवणाचं मूळ वाटण मात्र क्यूबाचं.

क्यूबा हे अमेरिकेच्या दक्षिणेला समुद्रातलं बेट. तिथलं एके काळचं मुख्य पीक ऊस. ऊस म्हटला की तोडणारे हात आलेच. ते हात आणले आफ्रिकेतून, माणसं पकडून, जहाजात कोंबून, गुलाम करून. तिथली गुलामी कायद्याने संपली १८८६ साली. म्हणजे फार जुनी गोष्ट नाही, आपल्या पणजीच्या आईच्या वेळची. त्या माणसांनी सोबत काय आणलं? सामान तर नव्हतंच. देव आणले, गाणी आणली आणि ढोल कसा बनवायचा ते डोक्यात ठेवून आणलं. आज जग ज्या तालावर नाचतं, तो या उसाच्या फडातल्या माणसांचा ताल आहे.

आता यात बाया कुठे होत्या? गात होत्या, नाचत होत्या. पण ढोलाला हात लावायचा नाही. त्यांच्याकडे 'बाता' नावाचे तीन ढोल असतात. दोन्ही तोंडांनी वाजवायचे, मांडीवर आडवे घेऊन, साधारण आपल्या पखवाजासारखे. ते देवाचे ढोल. विधी करून प्रतिष्ठा केलेल्या बाताला बाईने शिवायचं नाही, असा तिथला नियम. कारणं विचारली तर जी दिली जातात त्यात मासिक पाळी आहेच. साता समुद्रापलीकडे जा, हे कारण आपल्या आधी तिथे जाऊन बसलेलं असतं.

१९३२ सालची गोष्ट. राजधानी हवाना. तिथे हुकूमशहाचं राज्य होतं आणि विद्यापीठ बंद पाडलं होतं. कोन्सेप्सिओन कास्त्रो नावाची मुलगी दातांची डॉक्टर व्हायला निघाली होती, ती घरी बसली. घरात बहिणीच बहिणी. त्या काळी 'सोन' नावाचं गाणं गाजत होतं आणि पुरुष म्हणत की हे बायकांना वाजवता येणार नाही. हिने बहिणींना हाताशी धरलं आणि बायकांचंच वाद्यवृंद पथक काढलं. नाव ठेवलं आनाकाओना. ही त्या बेटांवरच्या मूळच्या लोकांची एक सरदारीण होती, स्पॅनिश लोकांनी तिला फाशी दिली होती. पुढे अकरा बहिणी त्या पथकात वाजवून गेल्या. ढोल, तुतारी, बास, सगळं बायका वाजवत. न्यूयॉर्क, पॅरिसपर्यंत गेल्या. मला यातली गंमत अशी वाटते की कोन्सेप्सिओनला कोणी कलावंतीण व्हायला पाठवलं नव्हतं. शिक्षण थांबलं म्हणून ती वाजवायला लागली. आपल्या कितीतरी बचत गटांची सुरुवात अशीच झाली ना, काहीतरी बंद पडलं म्हणून?

देवाच्या बाता ढोलांना बायकांचे हात लागायला मात्र अजून बराच वेळ गेला. १९९३ साली हवानातच 'ओबिनी बाता' हा बायकांचा गट निघाला. ओबिनी म्हणजे बाई. त्यांनी प्रतिष्ठा न केलेले ढोल घेतले. म्हणजे देवाशी भांडण नको, पण ताल आमचाही. बायकांचा मार्ग बघा, दार उघडत नाही तर पडवीतून आत.

आपल्याकडे पडवी कोणती? डोंबिवलीत १९९९ साली गुढीपाडव्याची पहिली स्वागतयात्रा निघाली. तेव्हापासून ही यात्रा कल्याण, ठाणे आणि सगळीकडे पसरली. आज या यात्रेत नऊवारी नेसलेल्या, फेटा बांधलेल्या मुली कमरेला ढोल बांधून चार-चार तास वाजवतात. ढोलाचं वजन ज्या मैत्रिणीने कमरेला घेतलंय तिलाच ठाऊक. हाताला फोड येतात, त्यावर चिकटपट्टी लावून पुन्हा वाजवतात. ही मुलगी घरी आली की तिची आजी म्हणते, आमच्या वेळी ढोल बापयांचा. आणि तरी यात्रेच्या दिवशी तीच आजी पुढे उभी राहून बघते.

पण आज मला ढोलापेक्षा गळ्याबद्दल बोलायचं आहे. कारण आपल्या आगरी-कोळी गावांत बाईच्या हातात ढोल नव्हता, पण सगळं लग्न तिच्या गळ्यावर चालत होतं. मी धवलारणीबद्दल बोलतेय.

ज्या मैत्रिणी घाटावरून इकडे आल्यात त्यांच्यासाठी सांगते. ठाणे, कल्याण, भिवंडी, उरण, पनवेल या पट्ट्यातल्या आगरी आणि कोळी लग्नांत एक जाणती बाई विधींची गाणी म्हणते. त्या गाण्यांना धवले म्हणतात आणि तिला धवलारीण. मांडव, हळद, लग्न, प्रत्येक विधीचा धवला वेगळा. ती देवांना बोलावते, कुलदैवताला, कार्ल्याच्या एकवीरेला, गावदेवीला. मग घरातल्या माणसांची नावं गाण्यात ओवते. गेलेल्यांचीही. तिला पुस्तक लागत नाही, पोथी लागत नाही. जुन्या काळी भटजीशिवाय, धवलारणीने धवले म्हणून लग्नं लावली आहेत. म्हणजे मैत्रिणींनो, शहरात आता बातमी होते की अमुक ठिकाणी बाईने पौरोहित्य केलं, ते आपल्या भातशेतीच्या आणि खाडीच्या गावांत केव्हापासून चालू आहे!

हा शब्दही काल-परवाचा नाही. तेराव्या शतकात महानुभाव पंथात महदंबा होऊन गेली. मराठीतली पहिली कवयित्री तिला मानतात. तिने जे रचलं त्याचं नाव काय? धवळे. रुक्मिणीच्या लग्नाची गाणी. आणि तिकडे डहाणू, तलासरीला जा. वारली लग्नात सुवासिनी भिंतीवर देवचौक काढतात आणि धवलेरी गाणी म्हणते, लग्न लावते. वारली चित्रं आज कपबशीवरसुद्धा आलीत. पण त्या चौकाशेजारी बसून गाणाऱ्या धवलेरीचं कपबशीवर काही येत नाही. चित्र विकता येतं, गळा कसा विकणार, असं कोणी म्हणेल. पण गळाही विकला जातो, फक्त पैसे दुसऱ्याच्या खिशात जातात. त्यावर मी येतेच.

आधी अब्रूचं बोलू. गाणारी बाई म्हटली की लोकांच्या तोंडी पहिला प्रश्न तोच. क्यूबात सेलिया क्रूज नावाची मुलगी होती, १९२५ साली जन्मलेली. वडिलांना वाटे मुलीने शिक्षिका व्हावं, गाणं हे चांगल्या घरच्या मुलीचं काम नाही. ती शिक्षिकेचं शिक्षणही घेत होती. १९५० साली ती एका मोठ्या वाद्यवृंदात आली. त्यांचे कार्यक्रम रेडिओवर होत. श्रोत्यांनी पत्रं पाठवली, ही नको, आधीचीच गायिका आणा! वाद्यवृंदाने ऐकलं नाही. काही वर्षांत तीच बाई क्यूबाचा आवाज झाली. भरगाण्यात ती मोठ्याने ओरडायची, "आसूकार!" म्हणजे साखर. लोक खूश व्हायचे. कॉफीत साखर घालण्यावरून झालेल्या कुठल्याशा गमतीतून ती आरोळी आली, असं ती सांगे. पण ज्यांच्या आजा-पणज्यांनी फडात मार खात ऊस तोडला, त्यांच्यातल्या बाईने भर मंचावर साखर म्हणून ओरडावं, हे मला नुसतं गमतीचं वाटत नाही. १९६० साली ती देशाबाहेर गेली. मग सरकारने परत येऊ दिलं नाही. १९६२ साली आई वारली, तेव्हा तिला मातीलाही जाता आलं नाही. २००३ साली ती परदेशातच गेली.

तिच्याच वेळची दुसरी, ला लुपे. ही फार बेभान गायची. चपला काढून फेकायची, रडायची. न्यूयॉर्कमध्ये तिने नाव काढलं, पैसा पाहिला, आणि १९९२ साली गरिबीत गेली. हे ऐकलं की मला आपल्या विठाबाई आठवतात. विठाबाई भाऊ मांग नारायणगावकर, १९३५ साली पंढरपुरात जन्मल्या. तमाशाच्या सम्राज्ञी. पोटुशी असताना फडावर नाचत होत्या. कळा आल्या तशा आत गेल्या, बाळंत झाल्या, दगडाने नाळ ठेचली आणि पुन्हा बोर्डावर उभ्या राहिल्या. ही गोष्ट आपण कौतुकाने सांगतो. मला सांगताना पोटात कालवतं. त्या रात्री आत कोणी म्हणालं नाही का, बाई, आता झोप? दोन वेळा राष्ट्रपतींच्या हस्ते सन्मान मिळालेली ही बाई २००२ साली गेली तेव्हा दवाखान्याच्या खर्चाची ओढाताण होती. पुढे त्यांच्या नावाने सरकारने जीवनगौरव पुरस्कार सुरू केला.

विठाबाईंची लावणी काय आणि धवलारणीचा धवला काय, एक फडावरचं, एक मांडवातलं, मान वेगळा. धवलारणीला कोणी नावं ठेवत नाही, उलट पाटावर बसवतात. पण पैशाचा हिशोब मांडा. हळदीच्या रात्री डीजेला किती जातात ते मी सांगायला नको, कर्ज काढून जातात. बेंजो पार्टीला वेगळे. धवलारणीला साडी, नारळ आणि वर जे काही हातावर ठेवाल ते. आणि आता असं होतं की तिचा धवला चालू असतानाच बाहेर डीजे लागतो. म्हातारी घसा ताणते. मग दोन कडवी कमी करते. पुढच्या लग्नात आणखी दोन. असं करत धवला आटतो.

दुसरी गोष्ट मोबाईलची. कोणी पोरगा येतो, मावशी, जरा म्हणा ना, म्हणतो. मावशी भोळेपणाने म्हणते. महिन्याने तेच गाणं ठेका लावून यूट्यूबवर, खाली नाव कोणाचं? पोराचं. मैत्रिणींनो, हे नीट ऐका. आपल्या देशाच्या कॉपीराइट कायद्यात १९९४ पासून सादर करणाऱ्या कलावंताचा हक्क आहे. गाणं परंपरेचं असलं, तिने रचलेलं नसलं, तरी तिने म्हटलेल्या त्या गाण्यावर तिचा हक्क असतो. तिला विचारल्याशिवाय रेकॉर्डिंग करून धंदा करता येत नाही. २०१२ च्या दुरुस्तीने आपलं नाव लावून घेण्याचाही हक्क दिला. म्हणून कोणी मोबाईल पुढे केला तर विचारायचं, कशाला पाहिजे, नाव कोणाचं येणार, पैसे मिळाले तर माझे किती. हे विचारायला लाज कसली? भाजीवालीला आपण भाव विचारतोच.

आणि मानधनाचं. ज्येष्ठ कलावंतांसाठी राज्य सरकारची जुनी योजना आहे, तिला आता राजर्षी शाहू महाराजांचं नाव आहे. २०२४ पासून महिन्याला ५,००० रुपये मिळतात. वयाची पन्नास वर्षं पूर्ण हवीत, कलेत निदान पंधरा वर्षांचं काम हवं, उत्पन्नाची मर्यादाही आहे. अर्ज ऑनलाइन भरायचा असतो. चौकशी पंचायत समितीत किंवा जिल्हा परिषदेच्या समाजकल्याण विभागात करा. तमाशाच्या बाईकडे निदान जाहिरातीचे कागद असतात. धवलारणीकडे पुरावा काय? पत्रिकेत मामाचं नाव, काकाचं नाव, डीजेचंसुद्धा नाव. तिचं नाही. चाळीस वर्षं तिने लग्नं लावली आणि कागदावर ती कुठेच नाही. आपल्या गटातल्या लग्नपत्रिकेत एक ओळ वाढवायला छापखानावाला जास्त पैसे घेत नाही.

ज्या गटांना धवले टिपून ठेवायचे असतील त्यांनी लग्नात मोबाईल धरू नये, तिथे आवाज येत नाही. पावसाळ्यात लावणी आटोपली की दुपारी मावशीच्या पडवीत बसा. आधी तिला सांगा कशासाठी टिपतोय. सुरुवातीलाच तिच्या तोंडून तिचं नाव, माहेर, सासर आणि धवले कोणाकडून शिकली ते म्हणवून घ्या. मग गाणं. एका दिवसात सगळे होत नाहीत, ती दमते. चहा घेऊन जा, आणि एखादी तरणी सून सोबत न्या, जिला मागे म्हणता येईल.