संशोधनातून चित्रपटाकडे : सुमित्रा भावे
(जुन्नर व आंबेगाव तालुक्यांतील महिला कार्यकर्त्यांपुढे झालेले भाषण)



नारायणगावच्या पंचक्रोशीला स्त्री कलावंत नवी नाही. विठाबाईंनी स्वतःचा फड चालविला, हे आपण जाणताच. तथापि पटकथा स्वतः लिहून चित्रपटाचे दिग्दर्शनही करणाऱ्या स्त्रिया मराठीत मोजक्याच झाल्या. त्यांत सुमित्रा भावे यांचा मार्ग निराळा होता. कारण चित्रपटाच्या ओढीने त्या चित्रपटाकडे आल्याच नाहीत.

१९४३ मध्ये पुण्यात जन्मलेल्या सुमित्राबाई मूळच्या समाजशास्त्राच्या अभ्यासक. कर्वे समाजसेवा संस्थेत त्यांनी अध्यापन केले. पुढे 'स्त्रीवाणी' या संशोधन प्रकल्पासाठी त्यांनी दलित स्त्रियांच्या मुलाखती घेतल्या. त्यांतील आठ जणींची आत्मकथने १९८८ मध्ये इंग्रजीत ग्रंथरूपानेही आली. परंतु ज्या बायांनी आपले आयुष्य उलगडून सांगितले, त्यांनाच ते वाचता येणार नव्हते. कहाणी त्यांची आणि ती कपाटात मात्र विद्वानांच्या! (शासकीय अहवालांनाही हा प्रश्न विचारावयास हरकत नाही.) जे वाचता येत नाही ते निदान पाहता यावे, या विचारातून १९८५ मध्ये 'बाई' हा लघुपट निर्माण झाला. सुमित्राबाईंनी तेव्हा चाळिशी ओलांडली होती आणि चित्रपटतंत्राचे रीतसर शिक्षण त्यांनी घेतलेले नव्हते. तरीही 'बाई'ला राष्ट्रीय पुरस्कार लाभला.

पाठोपाठ 'पाणी' हा लघुपट आला आणि १९९५ मध्ये सुनील सुकथनकर यांच्यासह दिग्दर्शित केलेला 'दोघी' हा चित्रपट. लग्नाच्या दिवशीच नवरदेव दगावतो आणि गौरी अपशकुनी ठरते. मामा तिला मुंबईला नेतो; तेथे ती देहविक्रयाच्या व्यवसायात ढकलली जाते. तिने पाठविलेल्या पैशावर घर सावरते, धाकट्या कृष्णेचे लग्न ठरते; पण लग्नासाठी आलेल्या गौरीला उजळ माथ्याने वावरण्याची मोकळीक नसते. लेकीचा पैसा घरात येतो, लेक मात्र येऊ शकत नाही. या कथेत कोणी मुलखावेगळा दुष्ट माणूस उभा केलेला नाही. सगळी आपल्या आळीतलीच माणसे आहेत. म्हणूनच ती अधिक बोचते.

'देवराई'तील शेषला स्किझोफ्रेनिया हा मनोविकार जडतो आणि गावाकडील देवराईचा ध्यास त्याला सोडत नाही. आहुप्याची देवराई पाहिलेल्यांना त्या गर्द सावलीची ओढ वेगळी सांगावी लागणार नाही. पुढे 'अस्तु'मध्ये स्मृती हरपलेले संस्कृत पंडित हत्तीमागे निघून जातात आणि माहुताची बायको त्यांची आई होते. या चित्रपटाच्या संवादलेखनासाठी सुमित्राबाईंना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. नैराश्यग्रस्त तरुणाची कथा सांगणारा 'कासव' २०१६ या वर्षाचा सर्वोत्कृष्ट भारतीय चित्रपट ठरला.

त्यांचा 'दिठी' दि. बा. मोकाशी यांच्या कथेवर आधारलेला आहे. त्यातील रामजी लोहार निष्ठावंत वारकरी. तरुण मुलगा पुरात जातो आणि त्याचा विठ्ठलावरचा विश्वास डळमळतो. भर पावसात गावातली एक गाय अडते. तिला सोडविण्यासाठी रामजीला बोलावणे येते, आणि वासराचा जन्म त्याच्याच हातून होतो. १९ एप्रिल २०२१ रोजी सुमित्राबाईंचे निधन झाले. 'दिठी' घरोघरी पोहोचला तो पुढच्याच महिन्यात. आळे येथे ज्ञानेश्वरांच्या रेड्याची समाधी आहे. तिच्यापुढे हात जोडणाऱ्या मुलखाला, त्या गोठ्यात रामजीला काय गवसले ते समजावून सांगण्याची गरज नाही.