नवस्नातकांस: सई परांजपे यांच्या कलासाधनेविषयी



एपीएमसी मार्केटच्या आवारालगत भरलेल्या या समारंभात सनद स्वीकारणाऱ्या तुमच्यापैकी कित्येकांचे वडील पहाटेपासून कांदा-बटाट्याच्या गाळ्यांवर गोणी वाहून येथे येऊन बसले आहेत, हे ध्यानी घेऊनच लेखिका-चित्रपटदिग्दर्शिका सई परांजपे यांच्याविषयी बोलण्याचे मी योजिले आहे.

सईताईंचा जन्म १९३८ सालचा, लखनौचा. आजोबा रँग्लर र. पु. परांजपे; आई शकुंतलाबाई यांनी १९३७ च्या ‘कुंकू’ चित्रपटात भूमिका केली आणि पुढे संततिनियमनाच्या प्रसारास वाहून घेतले. आठव्या वर्षी ज्यांचे ‘मुलांचा मेवा’ हे पुस्तक छापून निघाले, आकाशवाणी, राष्ट्रीय नाट्य विद्यालय, दिल्लीचे दूरदर्शन आणि मराठी रंगभूमी अशा नाना ठिकाणी ज्यांची लेखणी घडली, त्या सईताईंना विद्वज्जनांच्या दिवाणखान्यातच रमता आले असते. परंतु ‘स्पर्श’ हा चित्रपट लिहिताना त्या अंधशाळेत गेल्या, आणि शं. गो. साठे यांच्या नाटकावरून ‘कथा’ हा चित्रपट रचताना त्यांनी चाळीतल्या सामायिक गॅलरीचे सारे व्यवहार पडद्यावर आणले. ‘स्पर्श’च्या पटकथेस राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. त्यातील अंध मुख्याध्यापक दयेचा लवलेशही सहन करीत नाही. ही व्यक्तिरेखा मला आपल्या चित्रसृष्टीतील अत्यंत प्रामाणिक अशा व्यक्तिरेखांपैकी एक वाटते.

तथापि तुम्ही प्रथम पाहावा तो १९९० चा ‘दिशा’. पाऊस नाही म्हणून गाव सोडून मुंबईच्या गिरणीत कामाला लागलेला तरुण, एकाच खोलीत पाळीपाळीने पथारी टाकणारे त्याचे गाववाले, आणि मागे गावात, लोकांची चेष्टा सोसत वर्षानुवर्षे विहीर खणत राहिलेला ओम पुरी यांचा शेतकरी! त्याच्या विहिरीला अखेर पाणी लागते. पण ज्याने मुंबईचा रस्ता धरला त्याला मूर्ख ठरविण्याचा उतावळेपणा पटकथा करीत नाही. दोघांच्याही निर्णयांमागील निकड ती सारख्याच आदराने मांडते, आणि हा समतोल मला या चित्रपटाचे सर्वांत मोठे सामर्थ्य वाटते.

सातारा-सांगलीकडून आलेल्या, ओझी वाहणाऱ्या माथाडी कामगारांची हकीकत याहून निराळी ती काय? १९६९ साली माथाडी कायदा झाला आणि त्यांच्या हजेरीला, मजुरीला दफ्तरात जागा मिळाली. साहित्यात आणि चित्रपटात मात्र ती जागा अजून पुरेशी मिळालेली नाही. तुमच्या घरात त्यासाठी लागणारी सामग्री आहे. पाठीवर गोणी घेण्याची रीत, टोळीतल्या मुकादमाची हाक, गावाकडे धाडलेल्या पैशांचा हिशेब हे सारे तुम्ही जन्मापासून पाहिलेले आहे. नोकरी अवश्य करा, हुद्दा मिळवा. पण आज घरी गेल्यावर वडिलांना ते पहिल्यांदा मुंबईस कसे आले हे विचारा, आणि ते जे सांगतील ते त्यांच्याच शब्दांत लिहून ठेवा.