मुमताजचा नकार आणि ‘कुलीन कांता’

(अवसरी खुर्द येथील व्याख्यानाचा मजकूर)



१२ जानेवारी १९२५ रोजी मुंबईच्या मलबार हिलवर अब्दुल कादर बावला या धनाढ्य व्यापाऱ्याची मोटार अडवून त्याला गोळ्या घालण्यात आल्या. मोटारीत मुमताज बेगम होती. इंदूरच्या तुकोजीराव होळकरांच्या दरबारातील ही नर्तकी तेथून निसटली होती. तिला बळाने परत नेण्याचा हल्लेखोरांचा डाव होता. गोल्फ खेळून परतणारे इंग्रज लष्करी अधिकारी मध्ये पडले म्हणून तो फसला. बावला प्राणास मुकला. मुमताजच्या चेहऱ्यावर वार झाले.

त्याच वर्षी कोहिनूर फिल्म कंपनीने या प्रकरणावर ‘कुलीन कांता’ हा मूकपट काढला. दिग्दर्शक होते होमी मास्टर. १९१३ साली दादासाहेब फाळक्यांनी पडद्यावर आणलेला हरिश्चंद्र सत्यासाठी राज्य सोडणारा राजा होता. बारा वर्षांनी त्याच पडद्यावर वर्तमानपत्रांतले राजप्रकरण आले. खुनाचा बाजार मांडला, असा आक्षेप अशा चित्रपटावर घेता येईल. तिकीटविक्रीचा हिशेब त्यात होताच. परंतु राजवाड्याच्या भिंतीआडची गोष्ट चार आणे मोजणाऱ्यांच्याही चर्चेचा विषय झाली, हेही खरे.

मात्र शीर्षकातील ‘कुलीन’ हा शब्द खटकतो. नर्तकीच्या दुःखाला सहानुभूती मिळण्यासाठी तिला कुलीनतेचा दाखला कशासाठी? ‘मला परत जावयाचे नाही’ एवढे तिचे म्हणणे पुरेसे नव्हते काय? मूकपटातील नायिकेला आवाज नव्हता. खरी मुमताज मात्र न्यायालयात उभी राहून बोलली.

न्यायालयाने तिघांना फाशीची शिक्षा सुनावली. तुकोजीरावांवर खटला चालला नाही. चौकशी आयोगाला सामोरे जा किंवा गादी सोडा, असा पर्याय सरकारने त्यांच्यापुढे ठेवला आणि १९२६ मध्ये त्यांनी गादी सोडली. हरिश्चंद्राने राज्य सोडले सत्यासाठी. येथे ते सुटले सत्य चव्हाट्यावर येऊ नये म्हणून. हुकूम पाळणारे वधस्तंभापर्यंत जातात, सत्ताधीश मात्र चौकशीही चुकवतात. सरंजामशाहीचा न्याय तो हाच.

हे सारे अवसरीपासून दूरचे नाही. जवळच्या नारायणगावात गावोगावचे पंच जत्रेसाठी तमाशाची सुपारी द्यायला येतात. संस्थाने गेली, गाद्या गेल्या. पण पैसे मोजले की कलावंतीणही आपली झाली, ही दरबारी समजूत गेली आहे काय? सुपारी कलेची असते, माणसाची नव्हे. नाचणाऱ्या स्त्रीचा नकार कोणत्याही कुलीन स्त्रीच्या नकाराइतकाच अंतिम आहे. जत्रेच्या फडापुढे बसताना एवढे जरी आपण मानले, तरी मुमताजला अर्धा न्याय मिळेल.