खांद्यावर हातोडा घेतलेला माणूस



आगगाडीतून जाताना पळणारी झाडे पाहता, डोंगर पाहता. पण रुळाकडेला हातोडा घेऊन, अंग चोरून उभा राहिलेला माणूस तुमच्या नजरेत भरतो का? आज त्याच्याविषयी बोलायचे आहे.

१६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदरहून ठाण्याला पहिली गाडी गेली. १४ डबे, सुमारे ४०० निमंत्रित, २१ तोफांची सलामी! हे शाळेतल्या मुलांना पाठ असते. पण ठाणे गाठणे निराळे आणि सह्याद्री चढणे निराळे. बोरघाटाचे काम १८५६ साली निघाले, ते १८६३ साली पुरे झाले. सोळाएक मैलांत १,८०० फुटांवर चढ आणि २५ बोगदे! मजुरांनी कड्यावरून दोराला लोंबकळत सुरुंगाची भोके पाडली. पटकीने तर छावण्याच्या छावण्या हवालदिल केल्या. कंत्राटदार सॉलोमन ट्रेडवेल १८५९ मध्ये वारला, तेव्हा त्याची पत्नी अ‍ॅलिस हिने काम पुढे चालवले. तिचे नाव इतिहासात राहिले. दोराला लोंबकळणाऱ्यांचे नाही.

बरं, रूळ टाकले म्हणजे काम संपले का? छे! लोखंड उन्हाने वाढते, थंडीने आखडते. गाड्यांच्या दणक्याने खडी सरकते, चाव्या ढिल्या होतात. म्हणून चावीवाला आपल्या हद्दीतला रूळ रोज पायी तपासतो. ढिली चावी दिसली की हातोड्याचा ठोका. मागून गाडी येतेय का, इकडेही कान हवाच. त्यात चुकलेले कितीतरी घरी परतले नाहीत.

खरी कसोटी पावसाळ्यातल्या रात्रीच्या गस्तीची. समजा, दरड कोसळली आणि गाडी येण्याची वेळ झाली. गस्तवाला तांबडा दिवा हलवीत गाडीच्या दिशेने धावत सुटतो. ६०० मीटरवर रुळाला एक फटाका बसवतो, १२०० मीटरवर दहा-दहा मीटरांच्या अंतराने आणखी तीन. चाकाखाली ते फुटले की ड्रायव्हरला धोका कळतो. शिक्षक बंधुभगिनींनो, मुलांना एकदा मैदानावर १२०० मीटर धावायला लावा. मग विचारा, हेच काळोखात, धो धो पावसात, खडीवरून जमेल का रे?

बहुतेक रात्री असे काही घडत नाही. हद्दीच्या टोकाला पलीकडचा गस्तवाला भेटतो. दोघे आपापल्या गस्तीच्या वह्यांची अदलाबदल करतात, दोन शब्द बोलतात आणि दिवा सावरून आल्या वाटेने परत चालू लागतात.