बाडमेची ज्वारी आणि दोन देशांची लढाई



आतापर्यंतच्या भाषणांत कापसाच्या भावाचा विषय झाला. आता थोडा वेळ आम्ही तुम्हाला आफ्रिकेतल्या एका कोरडवाहू मुलखात नेणार आहोत. कोणी म्हणेल, आमचे इथले मरण काय कमी आहे, की आफ्रिकेची उठाठेव करावी?

त्याला कारण आहे. सीमा, सुरक्षा, देशाची इभ्रत हे शब्द आपल्या कानावर रोज पडतात. त्यांची किंमत कोण मोजतो, हे पाहायला जवळचा दाखला घेतला की रक्त तापते आणि हिशेब बाजूला राहतो. दूरच्या दाखल्यात हिशेब स्वच्छ दिसतो. शिवाय तो मुलूख आपल्याला अगदी परका नाही. आपण पिढ्यान्‌पिढ्या जी ज्वारी पेरतो, तिचे मूळ घर त्याच बाजूला आहे. पूर्व सुदानात कसाला शहराच्या जवळपास पाच हजार वर्षांपूर्वीच्या खापरांत लागवडीच्या ज्वारीच्या खुणा सापडल्या आहेत. तिथून पलीकडे गेले की इरिट्रिया आणि इथिओपिया हे दोन देश लागतात. त्यांच्या हद्दीवर बाडमे नावाचे एक धुळीचे गाव आहे. तेल नाही, सोने नाही. भोवती ज्वारी, तीळ आणि गुरांचे कळप.

या बाडमेसाठी १९९८ ते २००० अशी दोन वर्षे लढाई झाली. माणसे किती मेली? सत्तर हजार ते एक लाख, असा अंदाज सांगतात.

भांडण कसे लागले ते पाहा. इरिट्रिया ही इटलीची वसाहत होती. इटलीचे सरकार आणि इथिओपियाचा सम्राट मेनेलिक यांच्यात १९००, १९०२ आणि १९०८ असे तीन करार झाले. हद्द कागदावर आली, पण रानात दगड काही रोवले गेले नाहीत. तुमच्या आमच्या गावात मोजणी न झालेला धुरा तीन पिढ्यांनी कोर्टात जातो, तसेच हे. पुढे इथिओपियाने इरिट्रिया गिळली. तीस वर्षे स्वातंत्र्याचा लढा चालला. १९९१ साली दोन्हीकडच्या बंडखोरांनी मिळून इथिओपियातली लष्करी राजवट उलथून टाकली आणि १९९३ साली इरिट्रिया स्वतंत्र झाली. दोन्हीकडचे पुढारी एका मोर्चावर लढलेले, एकमेकांचे दोस्त. तेव्हा हद्दीचे कोणालाच सुचले नाही.

मग पैशाचा वाद आला. नोव्हेंबर १९९७ मध्ये इरिट्रियाने नाक्फा हे स्वतःचे चलन काढले. इथिओपिया म्हणाली, यापुढे व्यापार डॉलरमध्ये. वर्षानुवर्षे इकडचे धान्य तिकडे आणि तिकडचे मीठ-कापड इकडे येत होते, त्याला खीळ बसली. मने आंबली. मे १९९८ मध्ये बाडमेजवळ चकमक झाली, इरिट्रियाचे रणगाडे गावात शिरले. जूनमध्ये दोन्हीकडची विमाने एकमेकांच्या शहरांवर गेली. मेकेले शहरातल्या एका शाळेवर बॉम्ब पडले, लेकरे मेली. दोन्ही देश जगातल्या गरिबांतले गरीब, पण रशियाकडून लढाऊ विमाने दोघांनीही विकत घेतली. त्याच काळात, २००० साली, इथिओपियात दुष्काळ पडला होता आणि ऐंशी लाखांच्या आसपास लोक मदतीच्या धान्यावर जगत होते. ते धान्य उतरवायला सर्वांत सोयीचे बंदर होते इरिट्रियाचे असाब. ते लढाईमुळे बंद.

डिसेंबर २००० मध्ये अल्जिअर्सला तह झाला. हद्द ठरवायला पाच तज्ज्ञांचा आयोग नेमला. निकाल येईल तो दोघांवर बंधनकारक, अशी सही दोघांनीही केली. १३ एप्रिल २००२ रोजी निकाल आला: बाडमे इरिट्रियाचे. पुढे नुकसानभरपाईच्या दुसऱ्या आयोगाने सांगितले की १९९८ मध्ये आधी हल्ला केला तो इरिट्रियाने, तो बेकायदेशीर होता. म्हणजे जमीन ज्याची ठरली, आगळीकही त्याचीच ठरली. इथिओपियाने जमीन सोडली नाही. आयोगाने २००७ साली अखेर कागदावरच खुणांचे आकडे लिहून दिले आणि काम बंद केले. मध्ये २५ किलोमीटर रुंदीचा पट्टा ठेवून संयुक्त राष्ट्रांची शांतिसेना बसली होती. आपले भारतीय जवानही तिच्यात होते. २००८ साली तीही उठली.

भावांनो, इथून पुढचा भाग नीट ऐका. लढाई थांबली होती, पण सुरक्षा आली का?

इरिट्रियात तरुणांना दीड वर्ष सक्तीची लष्करी सेवा, असा कायदा होता. हद्दीचा निकाल अमलात येत नाही, शत्रू दारात आहे, हे कारण सांगून ती सेवा बेमुदत झाली. अठराव्या वर्षी गेलेला पोरगा तिशी-चाळिशीतही सुटत नाही. १९९७ साली मंजूर झालेली राज्यघटना लागू झाली नाही, देशाची निवडणूक झाली नाही. पोरे रात्री सीमा ओलांडून पळू लागली, काही सहारात आणि भूमध्य समुद्रात मेली. ज्या घरातून औत धरणारा हात गेला, त्या घराची पेरणी म्हातारे आणि बाया करतात. हे आपल्या बहिणींना वेगळे समजावून सांगायला नको.

मग शेजारी पेटले. समोरासमोर लढता येत नाही, तर शत्रूच्या शत्रूला बंदूक द्यायची, असा खेळ सुरू झाला. इथिओपियाचे बंडखोर इरिट्रियात राहत, इरिट्रियाचे इथिओपियात. डिसेंबर २००६ मध्ये इथिओपियाची फौज सोमालियात शिरली. तिच्याविरुद्ध लढणाऱ्यांना इरिट्रिया शस्त्रे पुरवते, असा ठपका आला आणि डिसेंबर २००९ मध्ये संयुक्त राष्ट्रांनी इरिट्रियावर निर्बंध लावले. सोमालियाच्या शेतकऱ्याचा बाडमेशी काय संबंध? काडीचा नाही. पण गोळी त्याच्या शिवारात आली. २००८ साली जिबूतीच्या हद्दीवरही इरिट्रियाची चकमक झाली. इथिओपियाचा जवळपास सगळा माल आता जिबूतीच्या एकाच बंदरातून जातो, त्याचे भाडे अखेर खताच्या गोणीवर आणि धान्याच्या पोत्यावर बसते. असाबचे बंदर मात्र रिकामे पडले. २०१५ साली ते संयुक्त अरब अमिरातीला येमेनच्या लढाईसाठी तळ म्हणून मिळाले. ज्या धक्क्यावर धान्य उतरायचे, तिथून परक्या लढाईची विमाने उडू लागली.

जुलै २०१८ मध्ये दोन्ही देशांचे प्रमुख गळ्यात गळा घालून भेटले. सप्टेंबरमध्ये सीमेचे रस्ते उघडले. वीस वर्षे तुटलेल्या बहिणी-भावांच्या भेटी झाल्या, गाड्या भरभरून माल निघाला. २०१९ चे शांततेचे नोबेल पारितोषिक इथिओपियाच्या पंतप्रधानांना मिळाले. पण रस्ते काही महिन्यांतच एकेक करून पुन्हा बंद झाले. जकातीचे, चलनाचे, वाहतुकीचे नियम ठरलेच नव्हते. आणि हद्दीवर राहणाऱ्या टिग्रेच्या लोकांना, ज्यांचे रान जाणार होते त्यांना, कोणी धड विचारले नव्हते.

नोव्हेंबर २०२० मध्ये इथिओपियाचे सरकार आणि टिग्रेचे पुढारी यांच्यात युद्ध पेटले. इरिट्रियाची फौज सरकारच्या बाजूने टिग्रेत उतरली आणि बाडमे तिच्या ताब्यात गेले. कालचे दोन शत्रू एक झाले, ते मधल्या तिसऱ्याला चिरडण्यासाठी. मृतांचे अंदाज लाखांत आहेत. हुमेरा हा तिळाचा आणि ज्वारीचा पट्टा, तिथून ऐन सुगीत माणसे उभी पिके टाकून सुदानात पळाली. पन्नास हजारांवर लोक नदी ओलांडून गेले. इथिओपियाची फौज तिकडे गुंतली, तशी सुदानची फौज अल-फशागात घुसली. तीळ, ज्वारी आणि कापूस पिकवणारी ती काळी जमीन, तिचाही वाद शंभर वर्षांचा. तिथे कसणाऱ्या इथिओपियन शेतकऱ्यांना हुसकावले गेले. नोव्हेंबर २०२२ मध्ये प्रिटोरियाला टिग्रेचा करार झाला, त्यावर इरिट्रियाची सही नाही. २०२३ पासून इथिओपिया समुद्राकडे वाट हवी असे उघडपणे म्हणू लागली, आणि असाबचे नाव पुन्हा निघाले.

हा सगळा मुलूख तांबड्या समुद्राच्या काठाला आहे. मुंबईहून युरोपला जाणारा माल सुएझमार्गे याच पाण्यातून जातो. २०२३ च्या अखेरीस समोरच्या काठावरून, येमेनमधून, जहाजांवर हल्ले झाले तेव्हा पुष्कळ जहाजे आफ्रिकेला वळसा घालून गेली आणि भाडे चढले. त्या हल्ल्यांचा बाडमेशी संबंध नव्हता. पण दोन्ही काठ असे अशांत राहिले तर आपल्या सुताच्या गाठोड्यालाही त्याची झळ लागते, एवढे समजून असावे.

आता आमचे म्हणणे. हद्द नको, फौज नको, असे आम्ही म्हणत नाही. आगळीक करणाऱ्याला आवरावेच लागते. पण बाडमेचा निकाल लागूनही सोळा वर्षे शांतता आली नाही आणि मैत्रीची घोषणा होऊनही दोन वर्षांत युद्ध आले. कारण पहिल्या वेळी निकाल होता, पण रस्ता आणि बाजार बंद होता. दुसऱ्या वेळी गळाभेट होती, पण नियम नव्हते आणि कसणाऱ्याचा होकार नव्हता. हद्द, बाजार आणि तिथल्या माणसांची संमती हे तिन्ही सोबत लागते. एक जरी सुटले, तर वैर वाट काढून तिसऱ्याच्या घरात शिरते.

सरकार सुरक्षा मोजते ती रणगाडे आणि विमाने मोजून. पेरलेले आपणच कापू याची खात्री, माल न्यायला उघडी वाट, आणि लष्करात गेलेला पोरगा ठरल्या दिवशी घरी, असे तिचे माप शेतकऱ्याने ठेवावे. कोणत्याही देशाच्या, कोणत्याही हद्दीच्या गोष्टी कानावर आल्या की या मापाने मोजून पाहा. गावी गेल्यावर पारावरच्या बैठकीत हा हिशेब मांडा, आणि तरुण पोरांना तिथे आवर्जून बोलवा.